उद्याच्या अंकाआधी

मिसिसिपी, १९१९

संपादकसाहेब,

मी अंगठेबहाद्दर, नात कोरा लिहून घेतेय. तुमचा बातमीदार माझी मक्याची भाकरी काकवीशी तीनदा मागून खाऊन गेला. "मावशी, ठिकाण छापणार नाही," म्हणाला. म्हणून गोऱ्या मालकाला उलट बोललेला माझा मुलगा आयझम कुठे लपलाय, ते सांगून बसले. काय ही अक्कल!

आता ऐकते, उद्या ठिकाणच छापताय. नका हो, पाया पडते. जमाव दोर घेऊन निघेल. मागच्या खेपेला आमचा काळा माणूस झाडाला टांगायची वेळसुद्धा तुम्ही आदल्या दिवशी छापलीत, कुणाची गंमत चुकू नये म्हणून!

कोरा म्हणतेय, "आजी, ते हे पत्रही छापतील."

छापतीलच गं. चुलीत घाल, जोडे चढव. पेपराआधी आपणच आयझमकडे पोचू.

तुमची कुणीच नसलेली,
लुवेनिया