तळ्याचा निकाल आणि ताईचा मुक्काम

ती. दाजींना, म्हणजेच प्रतिवादी क्रमांक तीन यांना, याचिकाकर्त्या मच्छीमार संस्थेच्या सचिवाचा, म्हणजे तुमच्या धाकट्या मेहुण्याचा, वाकून नमस्कार. तब्येत कशी आहे? निकालानंतर पित्त उसळलं नाही ना? इकडे सगळे ठीक. ताई तर फारच ठीक आहे. तळ्याच्या मासेमारीची निविदा तुम्हाला मिळाली त्या दिवशी ती बॅग घेऊन माहेरी आली आणि तळ्याचा काय तो निकाल लागेपर्यंत सासरी जायची नाही म्हणाली, त्याला काल आठ महिने झाले.

राग मानू नका दाजी, पण आम्ही सुटलो एकदाचे. चाळीस घरं जगतात हो त्या तळ्यावर. कोर्टाची स्थगिती आली तेव्हा आम्ही नाचलो, आणि मग कळलं की स्थगिती म्हणजे जाळं तुम्हीही टाकायचं नाही आणि आम्हीही नाही. आमची माणसं बाजारात पोती उचलायला लागली आणि मासे तळ्यात जावयासारखे पोसले गेले (हे तुम्हाला उद्देशून नाही). तारखांना मी तुमच्याच जीपमधून येत होतो, हे आमच्या वकिलांना शेवटपर्यंत पचलं नाही. पण पहाटेची बस चुकली की दुसरी दुपारी, आणि तुम्ही दारात येऊन हॉर्न वाजवणार, त्याला मी काय करू? शिवाय डबा ताई दोघांचा एकत्रच देणार. (तुमच्याशी अबोला होता, पण भाजीत तिखट तुमच्या बेताचं. मी मुकाट्याने खायचो.)

त्या जीपनेच घोळ घातला. दोघांच्या फायली खाकी, दोन्ही मागच्या सीटवर. घाईत मी तुमची उचलली. आमचे वकील उभे राहिले आणि पाच मिनिटं तुमची बाजू मांडत राहिले. तुमच्या वकिलांपेक्षा चांगली मांडली, हे तुम्हीही नंतर कबूल केलंत. न्यायमूर्तींनी चष्मा काढून, आपण नेमके कोणाचे, असं विचारल्यावर त्यांनी फाईल उलटून वरचं नाव वाचलं. आमचे अध्यक्ष (सत्तरीचे, सगळा जन्म होडीत गेलेला) माझ्याकडे असे बघत होते, की आज परत जाताना हे मला तळ्यात सोडणार याची मला खात्री पटली.

पण बुडत्याला काडीचा आधार, आणि ती काडी तुमच्याच फायलीत निघाली. निविदेची अट होती, मासे सांभाळण्याचा पाच वर्षांचा अनुभव. तुमचा धंदा रस्ते बांधण्याचा. दाखला दिलेला तुमच्या दाताच्या डॉक्टरांनी, की यांनी आमच्या दवाखान्यातल्या माशांच्या काचेच्या पेटीची पाच वर्षं उत्तम देखभाल केली. निविदा काढणाऱ्या सरकारी कचेरीत तो कोणी वाचलाच नव्हता. वकिलांनी घाबरून पानं उलटताना तो वाचला, मोठ्याने. पेटीत मासे किती, असं न्यायमूर्तींनी विचारलं, तर तुमचे वकील तोंड उघडायच्या आत तुम्ही मागून उठून सांगितलंत, चार होते, त्यातला एक गेला. दाजी, तुमच्याइतका सरळ माणूस मी पाहिला नाही. निविदा तिथेच रद्द झाली. स्थानिक संस्थेला आधी विचारा, हा सरकारचाच नियम कोर्टाने सरकारला वाचून दाखवला आणि तळं आम्हाला मिळालं. अध्यक्ष बाहेर पायरीवर बसून रडले, मीही रडलो. तेव्हा पाणी तुम्ही आणून दिलंत, ते मी जन्मात विसरणार नाही.

आपला आज्ञाधारक (कोर्टाबाहेर तरी),
मेहुणा

ता.क. : खरं काम असं, की ताईला घेऊन जा. आठ महिन्यांत तिने संस्थेचं दप्तर, आईचं स्वयंपाकघर आणि माझा संसार ताब्यात घेतलाय. अध्यक्षांची विडी सोडवली. माझी बायको म्हणते, हवं तर तळं दाजींना द्या, पण ताईंना न्यायला सांगा. हे पत्र तिला न दाखवता टाकतो आहे.

ता.क. : मी ताई. वरचं सगळं वाचलं. अपिलाची मुदत नव्वद दिवसांची आहे, असं वकिलांनी मला सांगितलंय. एक्क्याण्णवाव्या दिवशी सकाळी न्यायला या. मी उंबऱ्यातच उभी असेन.