खोली क्र. १२ मधील चौदा वस्तू वापरात असल्याबाबत

दिनांक : १७ जानेवारी

प्रति,
मा. गृहवाटप अधिकारी,
गृहवाटप कार्यालय

विषय : खोली रिकामी ठरवून दुसऱ्यास न देण्याबाबत.
संदर्भ : आपली दि. ५ जानेवारीची नोटीस.

महोदय,

सदर खोलीत दोन खुर्च्या, पलंग, शेगडी, तवा, दोन पातेली, पिठाचा डबा, मिठाची बरणी, तेलाची बाटली, साबण, पायपुसणे, घड्याळ आणि काडेपेटी अशा चौदा वस्तू आहेत. माझी मावशी तिथे एकटी राहते. तिला ऐकू कमी येते. आपले निरीक्षक तीनदा दार वाजवून परतले आणि ‘खोली रिकामी, वस्तू वापरात नाहीत’ असा अहवाल दिला. वापराचा पुरावा २० तारखेपर्यंत न दिल्यास खोली जाणार आहे.

मी विज्ञान शाखेची पदवीधर आहे. वापरातली वस्तू झिजते किंवा कमी होते, म्हणून दि. ७ पासून रोज सकाळी आठ वाजता जाऊन मी वजने घेतली. पहिल्या दिवशी चेष्टेत मावशीही काट्यावर चढली. म्हणाली, “मीही यांच्यातलीच की.” दि. १० पर्यंत पीठ २१४० ग्रॅमवरून १६६० वर, साबण ९४ वरून ८२ वर आणि काड्या ३८ वरून २९ वर आल्या.

त्या दिवशी मी प्रत्येक वस्तूला ‘पुरावा’ अशी चिठ्ठी लावली. तेव्हापासून एकही आकडा हललेला नाही. काट्यात दोष असेल म्हणून तपासला. काटा बरोबर आहे.

मावशीला खोदून विचारले. तिची सारी नोकरी न्यायालयाच्या मुद्देमालाच्या खोलीत गेली. ती म्हणाली, “चिठ्ठी लागलेल्या वस्तूला हात लावायचा नसतो गं. तीस वर्षं नाही लावला, आता लावू?” जेवण शेजारीणबाईंकडे होते, असेही म्हणाली. शेजारीणबाईंच्या दाराला आठवड्यापासून कुलूप आहे.

चिठ्ठ्या मी आज काढल्या. तरी साहेबांचा कागद आल्याशिवाय डबा उघडणार नाही, असे तिचे म्हणणे आहे. माझ्या नोंदी आता निरीक्षकांच्याच बाजूने बोलतात, हे मला कळते. आकडे बदलणे मला जमणार नाही. तरी आपण स्वतः यावे, दाराऐवजी खिडकीची काच वाजवावी आणि वस्तू वापरण्याची परवानगी तिला लेखी द्यावी, ही विनंती. वीस तारखेची वाट पाहू नये.

आपली नम्र,
(सही)
अर्जदार, खोलीधारकाची भाची

सोबत :
१. वस्तूंच्या वजनांची वही.
२. खोलीधारकाचे वजन : दि. ७ रोजी ४१.३ किलो, आज सकाळी आठ वाजता ३८.९ किलो.