कामिनासे स्थानक आठवडाभर उशिरा बंद करणेबाबत

प्रति,
मा. विभागीय अधिकारी (लहान स्थानके),
उत्तर डोंगरी रेल्वे, जपान.

अर्जदार : गोपीनाथ मयेकर, निवृत्त जहाज-इंजिनियर, मुक्काम लेकीचा फ्लॅट, सेम्बावांग, सिंगापूर.
दिनांक : २ फेब्रुवारी २०१५

विषय : कामिनासे स्थानक आठवडाभर चालू ठेवणे व तेवढ्यापुरते ते पूर्वीसारखे दिसेल असे पाहणे.
संदर्भ : जावई सारंग यांनी जेवताना मोबाइलवरून वाचून दाखवलेली आपली सूचना.

महोदय,

१. अर्ज मराठीत आहे, कारण अर्जदारास जपानी येत नाही आणि इंग्रजीत लिहिले तर जावई वाचतो (मराठी तो बोलतो, पण त्याला वाचता येत नाही). भाषांतराची तोशीस आपणास पडेल, त्याबद्दल दिलगिरी.

२. सदर स्थानक डोंगरातले लाकूड उतरवण्यासाठी बांधले गेले. लाकूड संपले, गाव पांगले, स्थानक राहिले. १९७४ च्या हिवाळ्यात अर्जदाराचे जहाज आपल्या बंदरात गोदीत चढले असता अर्जदार फिरावयास निघाला, गाडीत डोळा लागला आणि जाग आली ती कामिनासेला. कमरेइतके बर्फ. फलाटावर स्टेशनमास्तर तानाबे-सान एकटे. परतीची गाडी आली तेव्हा त्यांनी पांढरा हातमोजा रुळांकडे रोखून, मार्ग मोकळा असल्याचा खणखणीत पुकारा केला. आता, जहाजावर ब्रिजवरून हुकूम आला की इंजिनरूमने तो जसाच्या तसा परत म्हणायचा, ही अर्जदाराच्या हाडीमाशी खिळलेली शिस्त. त्यानेही बोट रोखून तोच पुकारा ठोकला. फलाटावर दोन स्टेशनमास्तर पाहून चालक गाडी हलवीना. तानाबे-सान पुन्हा पुकारले, अर्जदारही पुन्हा. शेवटी त्यांनी हसत हसत अर्जदाराला दंडाला धरून डब्यात बसवले.

३. फलाटावर अस्वलही होते. ते तिकीट काढून आले होते, हा तपशील अर्जदाराच्या पुढे काही वर्षांनी ध्यानात आला. अस्वलांची संख्या सांगण्याच्या दिवसानुसार बदलते, याची नोंद घ्यावी.

४. अडचण अशी. मार्चच्या शाळेच्या सुट्टीत लेक उल्का, जावई आणि आठ वर्षांची नात अवनी जपानला येत आहेत. सारंग म्हणाले, "बाबा, तुमच्या स्टेशनचा एकदा निकालच लावून टाकू. फोटोत तर नुसती लाकडी खोली दिसते." आणि आपण नव्या वेळापत्रकाबरोबर, नेमके ही मंडळी पोहोचण्याच्या आदल्या दिवशी, स्थानक बंद करीत आहात! डॉक्टर अर्जदारास विमानात बसू देत नाहीत. म्हणजे गोष्ट एकटीच निघाली आहे, सांगणारा सोबत नाही. तेव्हापासून अर्जदाराचे बूड जागेवर ठरत नाही. लिफ्टने खाली जातो, वर येतो, पुन्हा जातो. उल्का म्हणते, "बाबा, बसा हो, लिफ्टला तरी दम खाऊ द्या."

५. जावयाची पर्वा नाही. पण अवनीने वर्गात सगळ्यांना सांगून ठेवले आहे. काल विचारत होती, "आजोबा, बेअर रिअल आहे ना? मी प्रॉमिस केलंय, लाह." (वाक्याला 'लाह' जोडणे ही इथल्या शाळेची सवय.) यावर आपणच काय ते उत्तर सुचवावे.

६. तरी विनंती की, स्थानक आठवडाभर चालू राहावे. पांढरे हातमोजे घातलेला कोणी वयस्कर गृहस्थ उभा करावा. तानाबे-सान असतील तर सोन्याहून पिवळे. अस्वलाची सोय कठीण असल्यास बर्फात पंजे उमटवले तरी चालतील, मात्र ते तिकीटखिडकीपर्यंत जाऊन परत आलेले असावेत.

७. यातले काहीच जमणार नसेल, तर एवढे करावे. गाडी त्या बंद फलाटासमोर मिनिटभर थांबवावी. अवनी उतरेल. इथल्या तोआ पायोहच्या बाजारातून घेतलेले पांढरे हातमोजे ती घालून येत आहे. ती रुळांकडे बोट रोखून पुकारेल. अर्जदाराने तिला घोटून शिकवले आहे. त्यावर आपल्या चालकाने खिडकीतून तोच पुकारा, बोट रोखून, मोठ्याने परत द्यावा. जावई शेजारीच उभा असेल, त्याला ऐकू गेले पाहिजे.

त्यापुढची गोष्ट अर्जदार इथून सांभाळून घेईल.

आपल्या पुकाऱ्याकडे कान लावून बसलेला,
गोपीनाथ मयेकर

सोबत : स्थानकाचे रंगीत चित्र, काढणार कु. अवनी. त्यातली अस्वले कृपया मोजू नयेत.