नात्याचा रकाना

३ सप्टेंबर
पोचले एकदाची. बोटीत दोन तास गेले, पण मोरन बेटाच्या धक्क्यावर उतरले आणि सगळा शीण गेला. बोटीच्या कॅप्टन ऑबिनने माझी पेटी स्वतः उचलून वर आणली. म्हणाला, सरकारी माणूस इथे वादळ होऊन गेल्यावरच उगवतो, तुम्ही आधीच आलात म्हणजे नवलच.

काम सोपं आहे. बेटाची दफनभूमी समुद्र खातोय. दहा वर्षांत तीन रांगा गेल्या. किनारा-माघार योजनेत उरलेली थडगी टेकडीवर हलवायची आहेत. प्रत्येक थडग्यासाठी एक नातेवाईक शोधायचा, अर्जात नातं लिहून सही घ्यायची. ज्याला कुणीच नाही त्याला आहे तिथेच सोडायचं. महिनाभरात आटपेल.

उतरलेय टँटी क्लेमेंशियाकडे; इथे मावशीला टँटी म्हणतात. निळ्या खिडक्यांचं लाकडी घर, दफनभूमीला अगदी लागून, वाळूच्या चिंचोळ्या पट्ट्याच्या टोकाला. टँटी सत्तरीची, एकटी, पण पायांना भिंगरी. आल्या आल्या लांबीचा, म्हणजे शंखातल्या मांसाचा, रस्सा आणि मक्याच्या पिठाचं घट्ट कूकू पुढ्यात ठेवलं. आईच्या हातचं म्हणजे काय ते मला ठाऊक नाही, मी अनाथाश्रमातली. पण असंच असावं.

८ सप्टेंबर
एकोणसत्तर सह्या झाल्या. माणसं हसूनखेळून सही करतात. एका म्हाताऱ्याने विचारलं की टेकडीवरून समुद्र दिसेल ना, नाहीतर त्याची बायको तिथेही कुरकुर करेल. त्याची सून म्हणाली की जिवंत माणसांची पडलेली घरं बांधायला सरकारला तीन वर्षं लागली, मेलेल्यांचं नशीब बरं.

टँटी रोज दुपारी पुढच्या खोलीत लांब टेबल मांडते आणि पानं वाढते. आधी मरून गेलेल्या जुन्या माणसांची पानं, मग आपण. बेटावर सगळेच लग्नकार्यात हे करतात, पण टँटीचा नेम रोजचा. मी पानं मोजली. सतरा. आपल्या घराण्यातले का, असं विचारलं तर म्हणाली, माझे कुणी नव्हेत, पण कुणीतरी वाढायला हवं.

१४ सप्टेंबर
एकशे बारा झाली. सतरा उरली. कुणाचे वंशज टोरांटोला गेले ते पत्रालाही उत्तर देत नाहीत, कुणाचं घराणंच बुडालं. शेवटचा दगड किनाऱ्याच्या अगदी कडेला. रोझाना, वय एकोणीस, समुद्रातून वाहत आलेली. एवढंच कोरलंय.

बराच वेळ तिच्यापाशी बसले. मी मेले तर मलाही याच यादीत टाकतील. शेवटी पेन काढलं आणि नात्याच्या रकान्यात लिहिलं, बहीण. खाली सही केली. नियमात बसत नाही, पण कुणाचं काय जातंय?

टँटीला सांगितलं. तिने माझा चेहरा दोन्ही हातांत धरला आणि रडली.

१५ सप्टेंबर
सकाळी अर्ज चाळले. सतराच्या सतरा भरलेत. नात. सून. मुलगी. भाची. आत्या. खाली माझी सही, अक्षर माझंच, डावीकडे झुकणारं. मी एकच भरला होता. टँटीला लिहिता येत नाही.

कचेरीत फोन करून सांगितलं की उरलेले सतराही भरलेले दिसतायत, तपासायला हवेत. साहेब खूश. म्हणाले, शंभर टक्के काम, यादी आत्ताच वर पाठवतो, आता खाडाखोड नको.

१८ सप्टेंबर
मोठं उधाण. रोझानाचं थडगं गेलं. दगड, माती, सगळं. साहेबांना विचारलं की खोदाईचं यंत्र कधी येणार. म्हणाले, पैशांच्या पुढच्या हप्त्याला मंजुरी नाही, कदाचित मार्चमध्ये. तोवर थडग्यांची जबाबदारी अर्जदार नातेवाइकांची, नियमच आहे. मी म्हटलं, सतरा ठिकाणी अर्जदार मीच आहे. ते हसले. त्यांना थट्टा वाटली.

१९ सप्टेंबर
दुपारी बाहेरून आले तर माझा बिछाना ओला. मधोमध माणूस निजून उठावं तसा खळगा, त्यात वाळू. खिडक्या बंद होत्या.

जेवण अळणी होतं. चुकून झालं असेल म्हणून मीठ मागितलं. टँटी म्हणाली, मेलेल्यांच्या पानात मीठ घालत नाहीत आणि घरच्या माणसाने त्यांच्याबरोबरच जेवायचं असतं. हे तिने फार मायेने सांगितलं. पण स्वतःच्या ताटात ती मीठ घालून घेत होती.

२१ सप्टेंबर
आणखी चार थडगी गेली. मागच्या खोलीत आता पाऊल ठेववत नाही. दिसत काही नाही, पण प्रत्येक खुर्चीशी, कोपऱ्याशी कुणीतरी आहे हे अंगाला कळतं. गर्दीत कळतं तसं.

टँटी गेली. सकाळी उठले तर ती टोपी घालून, पेटी घेऊन पायरीवर उभी. लेकीकडे ब्रुकलिनला निघाली होती. म्हणाली, "चाळीस वर्षं झाली पोरी. मीही एकीवर दया केली होती. आता ते तुझे. त्यांना उपाशी ठेवू नकोस, ते रागावत नाहीत, नुसते जवळ येतात."

मी हात धरला. तिने बोटं एकेक करून सोडवली.

२२ सप्टेंबर
वाट गेली. घर आणि गाव यांच्यामध्ये कमरेच्या वर पाणी, ओढ एवढी की पाय टिकत नाही. दोनदा प्रयत्न केला. दुसऱ्यांदा कुणीतरी मला पाण्यातून ओढून घराच्या पायरीवर बसवलं. जपून. आजूबाजूला कुणी नव्हतं.

कॅप्टन ऑबिनला फोन लागला. टँटीने त्याला बजावलंय म्हणे की मला नेऊ नको. "मी तिचं ऐकत नाही, मिस वेरोना. परवा ओहोटीला होडी घेऊन थेट दारात येतो. तुम्ही फक्त ओ द्या," म्हणाला.

२३ सप्टेंबर
आज काही वाढलं नाही. मुद्दाम.

ते जवळ आले. मागची खोली भरली, पुढची भरली. मला स्वयंपाकघर उरलं. दुपारनंतर तेही अर्धंच. बसले तरी दोन्ही खांद्यांना ओला स्पर्श. पाठीमागून कुणी म्हातारी केस विंचरतेय. लहानपणी वाटायचं, आपलेही कुणी विंचरावेत—

बाहेर बघितलं. दफनभूमी नाही. नुसतं पाणी. म्हणजे माझे सतराही घरात.

२४ सप्टेंबर, सकाळ
दाराला पाठ लावून बसलेय. एवढीच जागा. कडीवर त्यांचे हात, ती हलत नाही. छाती पुरती फुगत नाही. कानाशी नात्याने हाका मारतात. आत्या. सूनबाई. ताई. मधूनच मी ओ देते. नको द्यायला. तोंडातून निघून जाते.

फोन ओला झाला, बंद.

ओहोटी लागली. ऑबिन येईल. तो येईल.

वल्ह्यांचा आवाज.

तोच. पायऱ्या चढतोय. दारावर थाप मारली, नाव घेतलं. मिस वेरोना, चला. एक हात अंतर आहे. मी तोंड उघडलं तर त्यावर हात आला, थंड, लहान, बहीण धरते तसा—

आतून कुणी ओ दिली. माझा आवाज. हुबेहूब. म्हणाली, मी येत नाही, कॅप्टन. घरात माणसं आहेत.

तो थांबलाय.

ती हसली. माझं हसू. म्हणाली, काळजी नको, आता मी एकटी नाही.

पायऱ्या उतरतोय. एक. दोन. मी दारावर लाथ मारते, आवाज होत नाही, सगळे मधे शिरलेत. होडी सुटली. अजून हाकेच्या अंतरावर आहे, ऑबिन, ती मी नव्हे, मी इथे, दाराशी, ही वही फळीच्या फटीतून बाहेर ढकल—