पालक

कळंबा, कोल्हापूर
१४ जून २००७

आफशीन बेटा,

काल फोनवर तू कोर्टाचा कागद मागितलास. कशाला, ते मी विचारलं न्हाय. जिनं जन्म दिला तिला शोधायला असंल, एवढं मला कळतंय की.

आज तू अठराची झालीस आणि त्या कागदाची मुदत संपली. तेव्हा आपल्या मुसलमानांना दत्तक घ्यायचा कायदा नव्हता. कोर्टातले साहेब म्हणाले, "चाँदबी, तुम्ही आई नाही, पालक. तेही मुलगी अठराची होईपर्यंत." मी म्हटलं, "काय लिवायचं ते लिवा, पोरगी द्या."

तू चार वर्षांची हुतीस. संस्थेतल्या बाईंनी सांगितलं, "ह्या तुझ्या पालक." तू माझ्याकडं निरखून बघितलंस आणि नाक मुरडलंस, "मला भाजी नको." अब्बा रिक्षात घरापर्यंत हसत हुते. पुढं दोन वर्षं तू मला भाजीच म्हणायचीस. मग अम्मी म्हणाय लागलीस. आनंद झाला, पण ती हाक गेली म्हणून चुकल्यागत बी झालतं.

कागद पाकिटात घालून मिरजेच्या तुझ्या हॉस्टेलचा पत्ता लिवला. हे पत्र ट्रंकेतच ठेवते. तुला जन्म देणारी भेटली तर मला वाईट वाटणार न्हाय, असं आधी लिवलं आणि खोडलं. ईदला तेवढी ये.

आजपासनं मी कागदावर पालकसुदीक न्हाय. मग खाली काय म्हणून सही करू, कळंना. जुनंच नाव लिवते.

तुझी
भाजी