गडगा की भिंत

लवू,
हे पुरतं वाचल्याशिवाय घराबाहेर पाऊल टाकू नकोस.

तू बंदरावर गेलास आणि मागोमाग बेलीफ मनाईहुकूम घेऊन आला. धाकूकाकांनी तो वाचला, हसले आणि म्हणाले, "यात भिंत बांधू नये असं आहे. मी कुठे भिंत बांधतोय? चिऱ्यावर चिरा ठेवून नुसता गडगा घालतोय. चुना नाही, माती नाही." बेलीफ म्हणाला, कागदावर जो शब्द आहे तेवढंच मला बघायचं. तो गेला आणि काकांनी गडी पुन्हा कामाला लावले. दुपारपर्यंत आपली वाट बंद होईल.

'गडगा' लिहा, असं तू वकिलांसमोर दोनदा म्हणाला होतास. कोर्टात गावठी शब्द शोभत नाही म्हणून मीच तुला गप्प केलं. आता तोच शब्द हुकुमात घालून घ्यायला रत्नागिरीला निघालोय. उद्या येईन.

तोवर एकाही चिऱ्याला हात लावू नकोस. तू गडगा पाडलास तर उलट आपल्यावरच फिर्याद होईल, आणि काकांना तेच हवंय. चिऱ्यांमध्ये बोटभर जरी चुना दिसला, तर मात्र दत्ताराम मास्तरांना बोलावून दाखव. साक्षीदार लागेल.

पहार शोधू नकोस. ती मी विहिरीत टाकली आहे. तुझ्या भीतीने नव्हे. बेलीफ गेला तेव्हा ती माझ्या हातात होती, आणि काका पाठमोरे उभे होते.

दादा