सातवी मॅच सोमवारी

मिलवॉकी, बुधवार

आई,
तुझ्या रूफसचा गुडघा बरा आहे आणि तो पोटभर जेवतो, हे आधी वाच.

बास्केटबॉलच्या या सिरीजमध्ये आधी चार मॅच जिंकेल तो पुढे जातो. त्यांच्या तीन झाल्या, आमच्या दोन. सहावी शुक्रवारी इथेच. हरलो तर शनिवारी घरी यायला निघालोच. जिंकलो तर सातवी सोमवारी, त्यांच्या गावात. आणि बाबांचं ऑपरेशनही नेमकं सोमवारीच.

बाबा फोनवर खेकसले, "चाकू डॉक्टर धरेल, तू बॉल धर! हरून आलास तर दार उघडणार नाही." मग हसले, आणि त्यांना धाप लागली. ती हसण्यानेच ना गं? ओडेसाताईला रजा मिळाली का?

जिंकायची भीती मला कधी वाटली नव्हती.

या पत्रामागोमाग मीच दारात दिसलो, तर कोण जिंकलं ते विचारू नकोस.

तुझा,
रूफस